फ्रीजमधल्या किल्ल्या: बास्क मुलखातले सहा दिवस

दिवस पहिला, बुधवार ५ नोव्हेंबर २०२५

आधीच सांगते, मी साउंडवाली. कॅमेरा, लाइट यातलं मला फार कळत नाही आणि कळतं असं दाखवायची हौसही नाही, त्यामुळे ह्या प्रवासवर्णनात डोंगर कसे दिसत होते वगैरे कमी आणि काय ऐकू येत होतं तेच जास्त येणारे, चालवून घ्या. तीन वर्षं झाली बार्सिलोनात राहते, मिळेल ते रेकॉर्डिंगचं काम करते. मागच्या महिन्यात एका बास्क डायरेक्टर बाईचा फोन आला, नेहमीच्या साउंडवाल्याचा हात मोडलाय, सहा दिवस येशील का, पैसे फार नाहीत पण जेवण चांगलं मिळेल. विषय विचारला तर म्हणाली "आठवण". कशाची म्हटलं, तर म्हणाली ये, मग सांगते.

बसमधे बसल्या बसल्या जमेल तेवढं वाचलं. ज्यांना अजिबातच माहीत नाही त्यांच्यासाठी: स्पेनमधल्या फ्रँकोच्या हुकूमशाहीत, देशाच्या उत्तरेकडच्या बास्क लोकांची भाषा दाबली जात होती त्या काळात, १९५९ ला एता नावाची संघटना निघाली, बास्कांचा वेगळा देश हवा म्हणून. १९६८ पासून माणसं मारायला लागले. १९७५ ला फ्रँको मेला, लोकशाही आली, आता थांबेल असं वाटावं तर उलट वाढलंच, एकट्या १९८० मधे ९० च्या वर खून. एकूण आकडा ८०० च्या पुढे. आमच्या बार्सिलोनातल्या हिपरकोर सुपरमार्केटच्या पार्किंगमधे १९८७ ला कारबाँब फुटला त्यात २१ गेले, ते मला इथे आल्यावर घरमालकिणीकडून कळलं होतं. दुसऱ्या बाजूने सरकारी यंत्रणेतल्याच लोकांनी पोसलेली गाल नावाची टोळी, १९८३ ते १९८७, २७ खून. आणि पोलिसांच्या कोठड्यांमधे जे चाललं ते आणखी वेगळं. २० ऑक्टोबर २०११ ला एताने हिंसा कायमची थांबवली, २०१८ ला संघटनाच मोडीत काढली.

पोचले तेव्हा अंधार पडला होता आणि पाऊस चालू. पाऊस म्हणजे आपल्यासारखा धो धो नाही, नुसती भुरभुर, इकडे त्याला सिरिमिरी म्हणतात, छत्री उघडली तर गंमत वाटते आणि नाही उघडली तर दहा मिनिटात चिंब. माईकचा जन्माचा वैरी. शहराला नावं दोन, स्पॅनिशमधे सान सेबास्तियान, बास्कमधे दोनोस्तिया, आणि तुम्ही कुठलं म्हणता त्यावरून समोरचा तुमची अख्खी पत्रिका मांडून मोकळा होतो. मी दोन्ही एका दमात म्हणून टाकलं.

रात्री डायरेक्टरच्या स्वयंपाकघरात सामान तपासलं. माणसं आम्ही दोघीच, ती कॅमेरा, मी साउंड. तिने नियम सांगितले: म्युझिक नाही, निवेदन नाही, आणि दोन बाजूंची दोन माणसं एका फ्रेममधे आणायची नाहीत, हात मिळवायला लावायचे नाहीत, कुणाला रडू आलं तर झूम करायचं नाही. आणि रूम टोन. हा आमच्या धंद्यातला शब्द, मुलाखत संपली की त्याच खोलीत मिनिटभर सगळ्यांनी गप्प बसायचं आणि त्या गप्प खोलीचा आवाज घ्यायचा, एडिटिंगमधे दोन वाक्यांमधली भोकं बुजवायला लागतो, कारण प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. ती म्हणाली मिनिटभर नको, दर ठिकाणी पाच मिनिटं घे. मनात म्हटलं बाई खुळी दिसते.

दिवस दुसरा, गुरुवार

सकाळी ताबाकालेराला गेलो. पूर्वीचा तंबाखूचा कारखाना, आता तिथे आर्ट सेंटर, फिल्म आर्काइव्ह, सिनेमाची शाळा असं सगळं एका छताखाली आहे. एका कोपऱ्यात लॅपटॉप उघडून तिने जमवलेली जुनी फुटेज बघत बसलो. त्यातली एक क्लिप डोक्यातून जात नाहीये.

हेस्तो पोर ला पास म्हणून शांततावाल्यांची चळवळ होती, ८० च्या दशकाच्या मध्यापासून २०१३ पर्यंत. त्यांचा एकच नियम, राजकीय हिंसेत कुणीही मेलं, मग मारणारा एतावाला असो की पोलीस, दुसऱ्या दिवशी आपापल्या गावाच्या चौकात एक फलक धरून पंधरा मिनिटं गप्प उभं राहायचं. घोषणा नाही काही नाही. शेजारीपाजारी बघतायत, उद्या ह्याच लोकांकडून ब्रेड घ्यायचाय, आणि तरी उभं राहायचं. ९० च्या दशकात एताचे समर्थक त्यांच्या बरोब्बर समोर येऊन उभे राहायला लागले आणि ओरडायला लागले. क्लिपमधे माईक गप्प उभ्या राहिलेल्यांच्या बाजूला आहे, म्हणजे साउंडवाला यांच्यात उभा असणार, पण ट्रॅकवर यांचं काहीच नाही, सगळा समोरच्यांचा आवाज, "एता, मारा यांना" असं तालात. चित्रात एक म्हातारा नुसता बुटांकडे बघतोय. मी हेडफोन लावून तीनदा ऐकलं, म्हटलं निदान एक खोकला तरी सापडेल ह्या बाजूचा. नाही सापडला.

दुपारी जुन्या गावात ३१ ऑगस्ट नावाच्या रस्त्यावर ॲम्बियन्स, म्हणजे आजूबाजूचा आवाज, घ्यायला गेलो. १८१३ ला इंग्रज-पोर्तुगीज फौजेने शहर जाळलं त्यात जवळपास हाच रस्ता वाचला, ती तारीख नावात. ह्याच रस्त्यावर ला सेपा नावाच्या बारमधे २३ जानेवारी १९९५ ला ग्रेगोरिओ ओर्दोन्येस हा नगरसेवक जेवत बसलेला असताना त्याला गोळी घातली, वय ३६. आम्ही रेकॉर्ड केलं ते काय, ग्लासांचा किणकिणाट, एक जपानी ग्रुप, पाऊस, आणि बारवाल्याची ओरड.

संध्याकाळी पिंचो खाता खाता (काडीला हिरवी मिरची, ऑलिव्ह आणि खारवलेला मासा टोचतात, त्याला गिल्डा म्हणतात, मी सहा खाल्ल्या) मी जरा आगाऊपणे विचारलं की इतकं सोपं आहे ना, दोन्ही बाजू दाखव आणि मोकळी हो. ती हसली पण राग आला होता. म्हणाली, इथे "दोन्ही बाजू" ही शिवी आहे, त्याला समान अंतर ठेवणं म्हणतात. २००३ साली इथल्याच फिल्म फेस्टिवलला एक डॉक्युमेंटरी आली, सगळ्या प्रकारच्या लोकांच्या मुलाखती होत्या, तर बळींच्या संघटना रस्त्यावर उतरल्या की खुन्यांना आणि आम्हाला एका मापात तोलता. २०२३ ला एताच्या एका जुन्या नेत्याच्या मुलाखतीवरच्या फिल्मचं नाव जाहीर झालं तर ती काढून टाका म्हणून ५०० च्या वर लोकांनी सह्या केल्या, फेस्टिवलने ऐकलं नाही. म्हणाली, अगं गोम एडिटिंगमधेच आहे. एका विधवेनंतर लगेच छळ झालेल्या माणसाची मुलाखत लावली की बघणाऱ्याच्या डोक्यात आपोआप "म्हणून" हा शब्द उगवतो, आम्ही लावलेला नसला तरी. पुढेमागे केलं तर "म्हणून" उलटा होतो. ह्या "म्हणून"चं काय करू ते सांग. मी काय सांगणार, सातवी गिल्डा घेतली.

दिवस तिसरा, शुक्रवार

वितोरिया, तासाभराचा ड्राइव्ह. तिथे बँक ऑफ स्पेनच्या जुन्या इमारतीत दहशतवादाच्या बळींचं स्मारक-म्युझियम आहे, २०२१ ला उघडलं. आत एका खोपट्याची हुबेहूब प्रतिकृती आहे. ओर्तेगा लारा नावाचा तुरुंग कर्मचारी, त्याला एताने एका वर्कशॉपच्या जमिनीखाली ५३२ दिवस कोंडलं होतं, जानेवारी १९९६ ते जुलै १९९७. तीनेक मीटर लांब, अडीच रुंद, उंच माणूस ताठ उभा राहू शकत नाही. मी आत शिरले तर आधी आपल्याच जॅकेटची चेन ऐकू आली, मग गिळण्याचा आवाज, मग कानातलं रक्त. दोन मिनिटात बाहेर आले. नंतर टेबलाशी कॉफी पिताना ५३२ ला २४ ने गुणत बसले होते, सोडून दिलं.

त्याला पोलिसांनी १ जुलैला सोडवलं आणि नऊच दिवसांनी एताने एर्मुआ गावचा २९ वर्षांचा नगरसेवक मिगेल आन्हेल ब्लांको पळवला, ४८ तासांची मुदत दिली, मुदत संपल्यावर डोक्यात गोळ्या घातल्या. तेव्हा स्पेनभर लाखो लोक रस्त्यावर आले. डायरेक्टर तेव्हा शाळेत होती, तिच्या गल्लीत पहिल्यांदाच लोकांनी खिडक्यांमधून मोठ्याने आवाज दिलेला आठवतो म्हणाली.

मग सारामागाला गेलो, कामगार वस्ती, सान फ्रान्सिस्को चर्च. ३ मार्च १९७६, फ्रँको मरून साडेतीनच महिने झालेले, संपातले कामगार सभेसाठी चर्चमधे खच्चून भरलेले, पोलिसांनी आत अश्रुधूर सोडला आणि जीव वाचवायला बाहेर पडणाऱ्यांवर गोळीबार केला. पाच मेले. ह्यात एताचा काही संबंध नाही. आणि गंमत बघा (गंमत कसली), त्या दिवशीचं पोलिसांचं वायरलेसवरचं बोलणं रेकॉर्ड झालेलं आहे, ते टिकलंय. त्यात एकजण सांगतोय की इतिहासातल्या सगळ्यात मोठ्या मारहाणीला आपण हातभार लावला. खरखर, बीप, आणि असा सहज आवाज जसा आपण घरी फोन करून दूध आणू का विचारतो. पुराव्याला फोटो लागतो म्हणतात, मी म्हणेन टेप ठेवा.

गोळी चालवल्याबद्दल ह्या प्रकरणात कुणालाही शिक्षा झाली नाही. परतताना व्हॅनमधे दोघी गप्प.

दिवस चौथा, शनिवार

तोलोसा. शनिवारचा बाजार, काळ्या घेवड्याची पोती, चीजच्या चकत्या, झकास ॲम्बियन्स मिळाला. इथल्या फ्रोंतोन कॅफेत २९ जुलै २००० ला हुआन मारी हाउरेगीला मारलं. तो पूर्वी ह्या जिल्ह्याचा गव्हर्नर होता, आणि गालने केलेल्या खुनांचा तपास पुढे जावा म्हणून खटपट करणाऱ्यांतला होता, म्हणजे बघा. त्याची बायको माइशाबेल लासा, ती पुढे बास्क सरकारच्या बळींच्या कार्यालयाची प्रमुख झाली आणि २०११ ला तुरुंगात जाऊन नवऱ्याच्या मारेकऱ्यांपैकी एकाला भेटली. त्या वेळी नान्क्लारेसच्या तुरुंगात अशा मोजक्या भेटी झाल्या, एता सोडलेले कैदी आणि घरचं माणूस गमावलेले लोक, मधे मध्यस्थ, कॅमेरा नाही, बदल्यात शिक्षेत सूट नाही. माझ्या डायरेक्टरचं म्हणणं, कॅमेरा नव्हता म्हणूनच झाल्या.

एक शब्द शिकले, एरेनेगुन, म्हणजे परवा. ह्या इतिहासावर शाळांसाठी २०१८ ला धडे तयार केले त्यांचं नाव हेच, आणि त्यावरूनही भांडण झालं, कुणाला कितपत दोष दिलाय यावरून. मी तिला म्हटलं आमच्या मराठीत परवा म्हणजे काल-च्या आधीचा दिवस आणि उद्या-नंतरचा पण, एकच शब्द. तिला वाटलं मी फेकतेय. आईला व्हिडिओ कॉल लावून खात्री करून दिली. आई म्हणाली ते राहू दे, जेवलीस का.

दिवस पाचवा, रविवार

आजचा दिवस मुख्य. गाव गोइएरी भागातलं, नाव सांगत नाही, तसं ठरलंय.

सकाळी आजी. मी मनात आजीच म्हणत होते, ऐंशीच्या पुढच्या, मूळच्या दक्षिणेकडच्या एक्स्त्रेमादुराच्या, साठच्या दशकात नवऱ्याबरोबर कारखान्याच्या कामासाठी आल्या. नवरा पुढे टॅक्सी चालवायचा. ८० च्या आसपास कुणीतरी तो पोलिसांना खबर देतो असं पसरवलं. एताने त्या काळात असे बरेच टॅक्सीवाले मारलेत. स्वयंपाकघरातच बोलेन म्हणाल्या, बाहेरच्या खोलीत नाही. आता स्वयंपाकघर म्हणजे फ्रीज, आणि फ्रीज म्हणजे घरघर, तर तो बंद करावा लागतो आणि मग चालू करायला विसरतो. त्यावर साउंडवाल्यांची जुनी युक्ती, गाडीची किल्ली फ्रीजमधे ठेवायची, म्हणजे विसरून जाताच येत नाही. व्हॅनची किल्ली डायरेक्टरच्या खिशात होती, म्हणून मी माझ्या बार्सिलोनाच्या घराच्या किल्ल्या ठेवल्या, बटर शेजारी.

आजी बोलल्या दीड तास, हातात ओट्याचं फडकं, त्याची घडी घालायची, उलगडायची, परत घडी. खुनाबद्दल पाचच मिनिटं. बाकी सगळं नंतरचं. दुकानात गेलं की बोलणं थांबायचं. अंत्ययात्रेला बाहेरगावचे जास्त. एक शेजारीण यायची, पण अंधार पडल्यावर, मागच्या दाराने, आणि सूप ठेवून पळायची. मुलगा शाळेतून विचारत आला की बाबांनी काय केलं होतं. कारण गावात एकच वाक्य होतं, "काहीतरी केलं असेल त्याने". स्पॅनिशमधे अगदी हेच शब्द. आपल्याकडे यासाठी वाळीत टाकणं असा नीट शब्द आहे, २०१६ चा कायदा पण आहे, पण तिथे कुणी पंचायत भरवून ठरवलेलं नव्हतं. कुणी ब्र काढला नाही एवढंच. गाव का सोडलं नाही विचारल्यावर म्हणाल्या, तो इथल्या मातीत आहे, आणि घराचे हप्ते चालू होते.

रूम टोन घेतला, पाच मिनिटं. फडक्याची घडी चालूच होती, अगदी हलका सर्र असा आवाज ट्रॅकवर आलाय. त्यानंतर त्यांनी आम्हाला ऑम्लेट खायला घातलं, गप्पा, मिठी, आणि आम्ही निघालो. (हो, बरोब्बर. तुमच्या लक्षात आलं, माझ्या नाही.)

दुपारी त्याच गावात, दोन गल्ल्या सोडून, साठीतला एक माणूस. तरुणपणी उचलून नेलं होतं, दहशतवादविरोधी कायद्याखाली, दहा दिवस ना वकील ना घरच्यांना पत्ता, मग गुन्हा न नोंदवता सोडून दिलं. बास्क विद्यापीठातल्या टीमने सरकारसाठी केलेल्या अभ्यासात १९६० ते २०१४ मधल्या छळाच्या ४११३ केसेस नोंदवल्यात. त्याला अंगणात बसून बोलायचं होतं, सिरिमिरी चालू, म्हणून मी रेकॉर्डरवर प्लॅस्टिकची पिशवी चढवली, नेहमी चढवते तशी. तो बोलत होता आणि मधेच थांबला. हात मांड्यांवर, पिशवीकडे बघतोय. मला वाटलं विसरला. डायरेक्टरने माझ्याकडे वळून एकच शब्द म्हटला, पिशवी. डोक्यावर पिशवी बांधून श्वास कोंडायचे, ही तिथली नेहमीची पद्धत. खूण राहत नाही. मुका मार. मला इतकं मेल्याहून मेल्यासारखं झालं, पिशवी खिशात कोंबली तर ती तिथेही चुरचुरली. शेवटी स्वेटर काढून रेकॉर्डरवर टाकला.

तो बास्कमधे बोलत होता, मला त्यातलं अवाक्षर कळत नाही, मी फक्त लेव्हल बघत होते आणि श्वास ऐकत होते. संपल्यावर रूम टोन, पाच मिनिटं, कुणी बोलायचं नाही असं त्याला सांगितलं होतं. तिसऱ्या मिनिटाला तो बोलला. एकच वाक्य, खालच्या आवाजात. मी वैतागले, म्हटलं गेला टोन, परत पहिल्यापासून. डायरेक्टरने मान हलवली, राहू दे.

व्हॅनमधे तिने सांगितलं तो काय म्हणाला. "टॅक्सीवाल्याच्या वेळी मी पण बारमधे म्हणालो होतो, काहीतरी केलं असेल त्याने."

हे वापरायचं का? मुलाखत संपली असं आम्हीच सांगितलं होतं. त्याने सही केलेला रिलीज फॉर्म मुलाखतीचा आहे, शांततेचा नाही. तिने रात्री त्याला फोन करून विचारलं. म्हणाला विचार करून सांगतो. मी ती फाइल वेगळ्या फोल्डरमधे टाकली, नाव तेच ठेवलं, रूमटोन अंगण.

दिवस सहावा, सोमवार १० नोव्हेंबर

बास्क प्रदेशात १० नोव्हेंबर हा स्मृतिदिन, २०१० पासून पाळतात. दुपारी गावच्या नगरपालिकेसमोर कार्यक्रम. महापौर बाईंनी छोटंसं वाचून दाखवलं, एकाने बासरीसारखी चिस्तू वाजवली, एका मुलाने आउरेस्कू म्हणून मानवंदनेचा नाच केला, पाय डोक्याच्या वर जातो, फुलं ठेवली, मिनिटभर शांतता. लोक चाळीस असतील. सगळं मिळून बारा मिनिटं. शांततेच्या मिनिटात कचऱ्याची गाडी रिव्हर्स घेत होती, पूर्ण एक मिनिट, टीं टीं टीं. आजी आल्या नाहीत, त्यांची खिडकी चौकावरच आहे, अर्धी उघडी होती. तो माणूस आला होता, अगदी मागे, भिंतीला टेकून.

केबल गुंडाळत होते तेवढ्यात आजींनी वरून हाक मारली. हातात माझ्या किल्ल्या.

मी जिना चढता चढताच सॉरी सॉरी सुरू केलं. सकाळी दुधासाठी फ्रीज उघडला तर आत दिवा नाही आणि बटरशेजारी किल्ल्या. रात्रभर झोप लागली नाही म्हणाल्या, घरात काहीतरी चुकतंय असं वाटत होतं, दोनदा उठून दार बघून आले. फ्रीझरमधली सगळी मेर्लुसा पाघळली होती, महिन्याभराचे मासे, आणि बाईने ते सगळे सकाळपासून शिजवून टाकले होते, लसूण आणि पार्सली घालून. मी पैसे काढले तर हातावर चापट मारली. आम्ही दोघींनी पोटाला तडस लागेपर्यंत खाल्लं तरी अर्धं पातेलं उरलं.

आजींनी पातेल्याकडे बघितलं, खिडकीतून खाली बघितलं. तो अजून भिंतीपाशीच होता, कुणाशी तरी बोलत. त्याची बायको दोन वर्षांपूर्वी गेली, आता काय धड शिजवून खात नसेल, म्हणाल्या. त्याच्याशी कधी बोलता का, डायरेक्टरने विचारलं. नाही. वाया घालवायचं नाही एवढंच, म्हणाल्या, आणि खणातून प्लॅस्टिकची पिशवी काढली.

मी म्हटलं पिशवी नको. का ते सांगता येईना, माझी स्पॅनिश अशा वेळी नेमकी संपते, आणि ते सांगणं माझं कामही नव्हतं. नुसतं परत म्हटलं, पिशवी नको, डबा असेल तर द्या. आजींनी माझ्याकडे बघितलं जरा वेळ. मग स्टुलावर चढून (वय ऐंशीच्या वर, आम्ही दोघी धरायला धावलो) वरच्या फळीवरून झाकणाचा काचेचा डबा काढला, मासे भरले, वर रस्सा ओतला आणि झाकण दाबून बसवलं. डायरेक्टरचा कॅमेरा टेबलावर होता, झाकणासकट. माझा रेकॉर्डर खाली व्हॅनमधे.

"हा डबा चांगला आहे," आजी म्हणाल्या. "परत आणून द्यायला सांगा त्याला."

डबा मी नेला. त्याने दोन्ही हातांनी धरला, गरम होता. निरोप डायरेक्टरने बास्कमधे सांगितला, तो काहीच बोलला नाही, वर खिडकीकडेही बघितलं नाही.

पाचच्या बसने बार्सिलोनाला निघाले. स्टँडवर डायरेक्टरला सांगितलं की आमच्याकडे दुसऱ्याचा डबा रिकामा परत करत नाहीत, निदान चिमूटभर साखर तरी घालतात. तुमच्याकडे कसं असतं? तिला विचार करावा लागला. म्हणाली, माझी आई तरी धुऊन द्यायची.